बर्फातली पाणमांजरं: मुंबईहून हिवाळी यलोस्टोनला जाणाऱ्यांसाठी

हिवाळ्यात अमेरिकेतल्या यलोस्टोन राष्ट्रीय उद्यानात पाणमांजर बघायचं असेल, तर नकाशावर सगळ्यात आधी न गोठलेलं पाणी शोधा. जंगल किती दाट आहे, जागा किती एकाकी आहे, याला फारसा अर्थ नाही. पाणमांजर हिवाळ्यात झोपी जात नाही. त्याच्या अंगावर सीलसारखा चरबीचा जाड थर नसतो. त्याला ऊब मिळते ती दाट केसांमध्ये अडकलेल्या हवेची आणि पोटातल्या माशांची. रोज साधारण एक ते दीड किलो मासे मिळाले नाहीत, तर उणे वीस अंशांत ते तग धरू शकत नाही. त्यामुळे जिथे पाण्यात शिरायला आणि बाहेर यायला वाट आहे आणि खाली मासे आहेत, तिथेच ते असतं.

आधी नावाबद्दल, कारण मराठीत इथे हमखास गोंधळ होतो. हिंदीतला ‘ऊदबिलाव’ म्हणजे आपलं पाणमांजर. मराठीतलं ‘उदमांजर’ मात्र वेगळं. ते झाडांवर राहणारं, रात्री फिरणारं आणि फळं खाणारं असतं. हिंदीवरून केलेल्या बातम्यांत या दोघांची हमखास अदलाबदल होते, तेव्हा वाचताना सांभाळा. यलोस्टोनमधलं पाणमांजर उत्तर अमेरिकेतल्या नद्यांचं आहे, शास्त्रीय नाव लॉन्ट्रा कॅनडेन्सिस. नाकापासून शेपटीच्या टोकापर्यंत साधारण एक मीटर किंवा थोडं जास्त, त्यातली तिसऱ्या हिश्श्याएवढी शेपूट, वजन ५ ते १४ किलो. पॅसिफिकच्या किनाऱ्यावर पाठीवर तरंगत पोटावर शिंपले फोडणारं समुद्री पाणमांजर ते हे नव्हे.

मुंबईतच करायची तयारी

दुर्बीण ८×४२ची घ्या. १२ पटींची दुर्बीण थंडीने थरथरणाऱ्या हातात स्थिर राहत नाही आणि तिचा दृष्टिपट्टाही अरुंद असतो. बुडी मारलेला प्राणी पुन्हा कुठे वर येईल हे माहीत नसतं, तेव्हा रुंद पट्टाच कामाला येतो.

दुर्बीण घेतली म्हणजे बघता येतं असं नाही. पवई तलावावर किंवा भांडुप पंपिंग स्टेशनच्या बाजूला सकाळी दोन तास बसा आणि पाणकावळा किंवा टिबुकली निवडा. पक्षी बुडाला की मनात सेकंद मोजा, कुठल्या दिशेला तोंड करून बुडाला ते लक्षात ठेवा आणि तो कुठे वर येईल याचा अंदाज बांधा. नजर पाण्यावरून न हलवता दुर्बीण डोळ्यांपर्यंत आणायची. खाली बघून दुर्बीण उचलायची आणि मग पुन्हा पाणी शोधायचं, ही सवय मोडायला चार-पाच सकाळी लागतात. पाणमांजराच्या नेहमीच्या बुड्या बहुधा अर्ध्या-एक मिनिटाच्या आतल्या असतात, म्हणजे हाच सराव तिकडे जसाच्या तसा उपयोगी पडतो.

दुसरा सराव पावलांचा. गाव कोकणात असेल तर ओहोटीच्या वेळी खाडीच्या चिखलावर जा. सिंधुदुर्गातल्या खाड्यांमध्ये आपली मऊ केसांची पाणमांजरं आहेत. त्यांचा ठसा पाच बोटांचा असतो आणि कुत्र्याचा किंवा कोल्ह्याचा चार बोटांचा. घोरपडीलाही पाच बोटं असतात, पण तिची नखं लांब असतात आणि मधून शेपटीची रेघ वळवळत जाते. हा फरक एकदा चिखलात डोळ्यांत बसला की बर्फात ओळखायला वेळ लागत नाही. शेजारी मापाला काडेपेटी किंवा नाणं ठेवून फोटो काढायची सवयही इथेच लावून घ्या.

कपड्यांत मुंबईकरांची ठरलेली चूक म्हणजे आतला सुती बनियन आणि सुती मोजे. चालताना घाम येतो, सूत तो धरून ठेवतं आणि थांबलात की तोच ओलावा अंगातली ऊब शोषून घेतो. पाणमांजर बघताना चालणं कमी आणि थांबणं जास्त असतं. अंगाला चिकटून लोकरीचा किंवा पॉलिएस्टरचा थर, त्यावर फ्लीस, त्यावर पिसांचं जाकीट आणि सगळ्यात वर वारा अडवणारा थर. हातमोज्यांच्या दोन जोड्या एकावर एक: आत पातळ, ज्याने कॅमेऱ्याचं बटण दाबता येईल, आणि बाहेर जाड, ज्यात बोटं एकत्र राहतील. बूट नेहमीपेक्षा अर्धा नंबर मोठे घ्या. पाय गार पडतील म्हणून तीन मोजे चढवून बूट घट्ट केले, तर रक्त पोचत नाही आणि बोटं आणखी लवकर बधिर होतात.

या उद्यानात ९ फेब्रुवारी १९३३ रोजी उणे ५४ अंश सेल्सिअसची नोंद झालेली आहे. तेवढी थंडी तुमच्या वाट्याला येण्याची शक्यता फार कमी, पण जानेवारीच्या पहाटे उणे २० सहज असतं. गाल, नाक किंवा बोटाचं टोक पांढरं पडून बधिर झालं, तर चोळू नका. बोट काखेत धरा, गालावर उबदार तळवा ठेवा आणि गाडीत किंवा खोलीत परत जा. आजी-आजोबा किंवा लहान मुलं सोबत असतील तर दर पंधरा-वीस मिनिटांनी एकमेकांचे चेहरे तपासायचे, असं आधीच ठरवून ठेवा. स्वतःच्या नाकावरचा पांढरा डाग स्वतःला दिसत नाही.

कुठे आणि कधी

जानेवारीची सुरुवात ते मार्चचा पहिला आठवडा हा काळ सर्वांत चांगला. यामागे दोन कारणं आहेत. नद्यांचे बरेच भाग गोठलेले असल्याने पाणमांजरं उरलेल्या उघड्या पट्ट्यांत गोळा होतात आणि हिवाळ्यात ती दिवसाही बरीच हिंडतात. शिवाय आदल्या वसंतातली पिल्लं आता जवळजवळ आईएवढी झालेली असली, तरी अजून तिच्यासोबतच असतात, म्हणून एकेका ठिकाणी तीन-चार किंवा पाच जणांचं कुटुंब दिसू शकतं. पुढे मार्च-एप्रिलच्या सुमारास मादी नवी पिल्लं घालायला बिळात शिरते आणि दिसेनाशी होते.

इथे या प्राण्याची एक विलक्षण गोष्ट सांगायला हवी. मादी वसंतात, पिल्लं झाल्यावर थोड्याच दिवसांत, पुन्हा माजावर येते. पण गर्भ लगेच रुजत नाही. तो अगदी सुरुवातीच्या अवस्थेत आठ-दहा महिने तसाच थांबून राहतो आणि हिवाळ्यात रुजून साधारण दोन महिन्यांत पूर्ण वाढतो. म्हणजे फेब्रुवारीत बर्फावर घसरताना दिसणारी आई बहुधा गाभण असते. तिला पळायला लावणं किती महागात पडतं, हे यावरून समजून घ्या.

हिवाळ्यात साध्या गाडीने जाता येतो असा उद्यानातला रस्ता एकच आहे. उत्तरेच्या गार्डिनर गावातून मॅमथ, तिथून टॉवर, मग लमार खोरं आणि शेवटी कूक सिटी. सर्वांत सोयीचा विमानतळ बोझमन, तिथून गार्डिनर साधारण दीड तासाचा रस्ता. लमार नदी आणि तिला मिळणारा सोडा ब्यूट ओढा रस्त्याच्या कडेनेच वाहतात, त्यामुळे बरंच काही गाडी थांबवायच्या जागेवरून दिसतं.

बाकीच्या रस्त्यांवर बर्फ दाबून वाट केलेली असते आणि साधारण डिसेंबरच्या मध्यापासून मार्चच्या मध्यापर्यंत तिथे फक्त स्नोकोच, म्हणजे बर्फावर चालणारी बस, किंवा वाटाड्यासह स्नोमोबिल, म्हणजे बर्फावरची स्कूटर, जाते. खर्च वाढतो, पण दोन उत्तम जागा याच बाजूला आहेत. एक म्हणजे यलोस्टोन सरोवरातून नदी बाहेर पडते तिथून हेडन खोऱ्यापर्यंतचा पट्टा. सरोवर डिसेंबरअखेर गोठतं, ते मेच्या शेवटापर्यंत किंवा जूनपर्यंत. नदी मात्र तिथे ओढीच्या जोरावर बरीचशी उघडी राहते. दुसरी जागा मॅडिसन, फायरहोल आणि गिबन या नद्या. उन्हेऱ्यांचं गरम पाणी त्यांत मिसळत असल्याने त्यांचे लांबच लांब भाग गोठत नाहीत. वज्रेश्वरी-गणेशपुरीची कुंडं पाहिलेल्या मुंबईकराला ही कल्पना नवी नाही. फरक एवढाच की इथे ते पाणी नदीत उतरतं.

बर्फावर गाडी कधीच चालवली नसेल तर पहिल्या दिवशी स्वतः चालवू नका, स्थानिक वाटाड्याची गाडी घ्या. उजवीकडून चालणारी वाहतूक, गोठलेला रस्ता आणि मध्येच उभा राहिलेला गवा, म्हणजे तिथला बायसन, या तिन्हींची सवय एकाच सकाळी होत नाही. भारतापेक्षा तिथलं घड्याळ हिवाळ्यात साडेबारा तास मागे असतं, म्हणून पोचल्यावर पहिले दोन दिवस भल्या पहाटे जाग येते. ती वेळ फुकट जात नाही. जानेवारीत सूर्य आठच्या सुमारास उगवतो आणि पाचच्या सुमारास मावळतो, त्यामुळे उजाडताना नदीवर असायला सातला निघालं तरी चालतं.

उन्हाळ्यात जाणाऱ्यांसाठी थोडक्यात: सोडा ब्यूटच्या वरच्या अंगाला ट्राउट लेक नावाचं छोटं तळं आहे. चढ छातीवरचा, पण वाट एक किलोमीटरच्या आत. जून-जुलैत कटथ्रोट जातीचे ट्राउट मासे अंडी घालायला तिथल्या उथळ ओढ्यात शिरतात आणि पाणमांजरं त्यांच्यावर ताव मारतात. यलोस्टोन सरोवरात मात्र १९९४मध्ये बाहेरून आणून सोडलेले लेक ट्राउट सापडले. ते कटथ्रोटना खातात, स्वतः खोल पाण्यात राहतात आणि ओढ्यांत येत नाहीत. उथळ पाण्यात शिकार करणाऱ्या पाणमांजराच्या ते हाती लागत नाहीत.

बर्फावरच्या खुणा

पाणमांजराची बर्फातली वाट इतकी वेगळी असते की एकदा पाहिली की दोनशे मीटरवरूनही ओळखता येते. दोन-तीन उड्या, मग घसरण. पुन्हा दोन-तीन उड्या, पुन्हा घसरण. वरून पाहिलं तर ठिपके आणि रेघा, ठिपके आणि रेघा. पुढचे पाय मागे घेऊन पोटावर घसरल्याने साधारण १५ ते २५ सेंटिमीटर रुंदीची गुळगुळीत पन्हळ पडते. सपाटीवर ती काही मीटरांची असते, उतारावर खूप लांब. उतार नसतानाही ते घसरतं, यात खेळ आहेच, पण मुख्यतः आखूड पायांनी भुसभुशीत बर्फातून चालण्यापेक्षा घसरणं स्वस्त पडतं.

ओळखताना या क्रमाने जा. आधी वाट कुठून कुठे जाते ते बघा. पाण्यातून निघून पाण्यातच, किंवा नदीचं वळण तोडून पलीकडच्या उघड्या पाण्यात जात असेल, तर शक्यता वाढली. मग पन्हळीची रुंदी. मिंक नावाचा त्याचाच लहान नातेवाईकही घसरतो, पण त्याची पन्हळ हाताच्या तळव्याएवढीच. बीव्हर म्हणजे ओढ्यावर काटक्यांचा बांध घालणारा मोठा कुरतडणारा प्राणी, त्याची वाट रुंद, डुलत गेल्यासारखी आणि तिच्यावरून सपाट शेपटी फरपटलेली. कायोटी म्हणजे तिकडचा कोल्ह्यासारखा प्राणी, त्याची पावलं एका सरळ ओळीत आणि चार बोटांची. शेवटी ठसा बघा: पाच बोटं, रुंदी ६ ते ८ सेंटिमीटर. बोटांमधला पडदा उमटेलच असं नाही. तो दिसला नाही म्हणून ठसा बाद करू नका, नवशिक्यांची इथेच चूक होते.

खूण ताजी की शिळी? पन्हळीच्या कडा धारदार असतील आणि तळात बर्फाचे सुटे कण पडलेले नसतील, तर ती आजची. रात्री बर्फ पडून गेला असेल तर काम आणखी सोपं, कारण सकाळी जे दिसतं ते सगळं नवंच. दुपारच्या उन्हाने ठसे पसरतात आणि मिंकचा ठसासुद्धा पाणमांजराएवढा दिसू लागतो. मापं सकाळीच घ्या.

मग त्यांचे ठरलेले शौचकोपरे शोधा. दोन प्रवाहांचा संगम, पाण्यात शिरलेलं टोक, आडवा पडलेला ओंडका, बीव्हरचं घर, काठावरच्या सूचिपर्णी झाडाचं बूड, अशा जागी पाणमांजरं पुन्हा पुन्हा येतात. बर्फ तिथे तुडवलेला आणि तपकिरी-पिवळा झालेला असतो. विष्ठेत माशांचे खवले आणि काटे दिसतात. ताजी असताना काळपट आणि चकचकीत, जुनी होईल तशी राखाडी पडून कुस्करते. कधी शेजारी पांढुरका किंवा पिवळसर चिकट गोळाही असतो. वास मासळीचाच, पण आपल्या बाजारातल्या मासळीपेक्षा गोडसर. हात लावू नका, तिच्यात परजीवी असू शकतात. असा कोपरा म्हणजे इथल्या पाणमांजरांचं निरोपाचं ठिकाण: कोण आलं, कधी गेलं, हे ती वासावरून जाणतात. तिथे बूट घालून फिरणं म्हणजे तो निरोप पुसणं.

आणि नदीवरच्या बर्फावर पाय ठेवू नका. ही सूचना जीव वाचवणारी आहे. वाहत्या पाण्यावरचा थर वरून एकसारखा दिसला तरी ओढीच्या जागी तो बोटभर जाडीचा असू शकतो. काठावरून पुढे आलेला बर्फाचा सज्जाही खालून पोकळ असतो. माग पाण्याकडे गेला की तुम्ही काठापासून दूर राहून दुर्बिणीनेच पुढचं वाचायचं.

थांबणं

ताजा माग आणि उघडं पाणी एकत्र सापडलं की चालणं थांबवा. वारा पाण्याकडून तुमच्याकडे येत असेल अशी जागा निवडा, मागे झाड किंवा गाडी असू द्या म्हणजे आकाशाच्या पार्श्वभूमीवर तुमची आकृती उठून दिसणार नाही, आणि किमान एक तास द्या. बसायला फोमची जाड चकती न्या, बर्फावर थेट बसलात तर वीस मिनिटांत उठावं लागेल. थर्मासमध्ये गरम पाणी किंवा चहा, खिशात शेंगदाण्याची चिक्की. तिथल्या कोरड्या हवेत तहान जाणवत नाही, तरी पाणी पीत राहा. (अमेरिकेत उतरताना खाण्याच्या सगळ्या वस्तू कस्टमला जाहीर कराव्या लागतात, चिक्कीसुद्धा.)

पक्ष्यांवर लक्ष ठेवा. पाणमांजर छोटा मासा पाण्यातच, तोंड वर करून चावून खातं, पण मोठा मासा बर्फाच्या कडेवर आणतं. तेव्हा डोमकावळे, मॅगपाय, कधी बाल्ड ईगल आणि कायोटी उष्ट्यासाठी जमतात. कायोटी तर मासा हिसकावून नेतो. नदीच्या कडेला दोन-तीन डोमकावळे बर्फावर उतरून एकाच दिशेला बघत असतील, तर दुर्बीण तिकडे वळवा.

कानही उघडे ठेवा. पिल्लं आणि आई एकमेकांना बारीक, पक्ष्यासारख्या शिट्ट्या घालतात. नाकातून जोरात ‘हाः’ असा फुत्कार आला, तर त्यांनी तुम्हाला पाहिलेलं आहे. मान उंच करून एकटक बघणं, सगळ्यांनी एकत्र येऊन पाण्यात उभ्याने तरंगणं, खाणं अर्धवट टाकणं, या सगळ्याचा अर्थ तुम्ही जास्त जवळ आहात. उठून पळू नका. हळूच खाली बसा, मग मागे सरका.

उद्यानाचा नियम २५ यार्डांचा, म्हणजे जवळजवळ २३ मीटरचा. लांडगे आणि अस्वलांसाठी तो १०० यार्ड, म्हणजे ९१ मीटर. पण पाणमांजरांसाठी २३ मीटर हे किमान अंतर आहे. चांगलं अंतर म्हणजे जिथून ती तुमची दखल न घेता मासे धरत राहतील, मग ते ऐंशी मीटर असलं तरी. तुम्हाला घाबरून एक कुटुंब पाण्याखाली गेलं की दुसऱ्या फटीतून निघून जातं. अंग सुकवणं, केस विंचरून त्यांत हवा भरणं मध्येच सुटतं आणि उणे वीस अंशांत हे काम त्यांना पहिल्यापासून करावं लागतं. ती बर्फात लोळतात, अंग घासतात, ते याचसाठी.

बराच वेळ कोणीच वर आलं नाही तर ती गेली असं समजू नका. हिवाळ्यात पाण्याची पातळी उतरते तशी काठाजवळ बर्फ आणि पाणी यांच्यामध्ये पोकळी राहते आणि त्या पोकळीत श्वास घेत पाणमांजरं बर्फाखालून बरंच अंतर जातात. बीव्हरची घरं आणि काठातली जुनी बिळंही त्यांना आयती मिळतात. बीव्हरच्या बांधाला हिवाळ्यात ती खाच पाडतात असंही अभ्यासकांनी नोंदवलं आहे. पाणी उतरतं, बर्फाखाली हवेला जागा होते. म्हणून एक भोक धरून बसू नका. प्रवाहाच्या वर आणि खाली दोनशे मीटरपर्यंतची सगळी उघडी तोंडं आलटून पालटून बघा.

कॅमेरा आणि दमट हवा

काळपट प्राणी आणि पांढरा बर्फ असल्याने कॅमेरा फोटो करडा काढतो. उजेडाची भरपाई (एक्स्पोजर कॉम्पेन्सेशन) +१ ते +१.७ ठेवा, शटर १/१००० किंवा त्याहून वेगवान. बॅटऱ्या दोन जास्त न्या आणि आतल्या खिशात, अंगाजवळ ठेवा. थंडीत त्या बघता बघता उतरतात. दुर्बिणीवर श्वास सोडू नका, भिंगावर बर्फाचा थर धरतो आणि पुसताना ओरखडे पडतात.

खोलीत परतताना कॅमेरा बाहेरच झिपच्या पिशवीत बंद करा, मगच आत न्या आणि दोन तास पिशवी उघडू नका. नाहीतर खोलीतली वाफ गार भिंगावर आणि त्याच्या आतही धरते. मुंबईत परतल्यावर हाच ओलावा पुन्हा अडचण करतो. पावसाळ्यात भिंगात बुरशी धरते, म्हणून सिलिका जेल घातलेल्या हवाबंद डब्यात, ४० ते ५० टक्के आर्द्रतेत, सगळं सामान ठेवा.

रोज संध्याकाळी वहीत तारीख, वेळ, तापमान, नदीचा पट्टा, किती पाणमांजरं, मोठी-लहान, काय करत होती, कुठल्या दिशेला गेली, एवढं लिहा. फोटो सगळ्यांना दाखवा, पण बिळाची किंवा शौचकोपऱ्याची नेमकी जागा समाजमाध्यमांवर टाकू नका. उद्यानाची हद्द संपली की नदी मॉन्टाना राज्यात वाहत जाते आणि तिथे पाणमांजर सापळ्यात धरायचा परवानगीचा हंगाम असतो. पाणमांजराला ती हद्द दिसत नाही.